कोऱ्या कपाळाची लॉरी

मी लॉरी बोलतेय. जरा लवकर ऐका, कारण उद्या सकाळी माझे तुकडे करायला माणसं येणार आहेत. तसंही मला सावकाश बोलायची सवय नाही. जन्मभर मी एका जागी कधी स्वस्थ बसले नाही, आणि आता किती तरी वर्षं घानातल्या कुमासी शहराच्या सुआमे भागात, मेकॅनिकांच्या ठोकाठोकीत, विटांवर उभी आहे. चाकं गेली. अर्धं इंजिन कुणीतरी काढून नेलं. तरी शेजारून एखादी गाडी गिअर बदलत निघाली की माझा जीव वरखाली होतो.

माझा जन्म दोन ठिकाणी झाला. इंजिन आणि लोखंडी चौकट विलायतेहून बोटीने ताकोराडी बंदरात उतरली. अंग मात्र इथलं. कुमासीच्या एका सुताराने ओडुमच्या टणक लाकडाच्या फळ्या तासून ते बसवलं, बाकडी ठोकली, वर छप्पर घातलं. तेव्हा इथे गोऱ्या साहेबाचं राज्य होतं. इथून काय न्यायचंय ते बघून त्याने देशाचं नाव ठेवलेलं, गोल्ड कोस्ट. सोन्याचा किनारा. पुढे त्याला सोन्याइतकीच कोकोची ओढ लागली. आतल्या जंगलातून कोकोची पोती रेल्वेपर्यंत न्यायची आणि येताना कापड, मीठ, माशांचे डबे आणायचे, यासाठीच माझ्यासारख्या लॉऱ्या बनल्या. ज्या कोकोचं चॉकलेट होतं, त्याची चव मात्र आमच्या बेपोसो गावात कुणाला ठाऊक नव्हती.

मला विकत घेतलं बेपोसोच्या अडुसेईने. म्हणजे लोक तसं म्हणायचे. खरं तर मी दोघांच्या घामाची. कोकोची रोपं लहान असताना त्यांना सावली लागते, म्हणून अडुसेईची बायको तिवा रोपांच्या मधे मधे केळी लावायची. त्या केळ्यांवरच घर जगलं, झाडं मोठी होईपर्यंत. शेंगा फोडायच्या, बिया केळीच्या पानांत आंबवायच्या, चटईवर वाळवायच्या, पाऊस दिसला की धावत गोळा करायच्या, हे सगळं तिचं. अडुसेई शेत माझं म्हणायचा आणि ती हसायची.

पण हसण्यावारी नेण्यासारखं ते नव्हतं. आमच्या अशांती लोकांत माणसाचा वारस त्याचा मुलगा नसतो, बहिणीचा मुलगा असतो. बायको तर दुसऱ्याच कुळाची. तिने हाडं झिजवली तरी नवरा गेला की भाचा येतो आणि किल्ली मागतो. तिवाच्या आईला असंच नवऱ्याच्या शेतातून रिकाम्या हाताने निघावं लागलं होतं, हे तिवा विसरली नव्हती.

म्हणून मी दारात आले त्याच दिवशी ती म्हणाली, "अहो, गाडीच्या कपाळावर माझं नाव लिहा."

आमच्याकडे लॉरीच्या पुढच्या काचेच्या वर एक फळी असते आणि तिच्यावर मालक आपल्या मनातलं काहीतरी रंगवून घेतो. तेच लॉरीचं नाव. बाजारात बायका त्याच नावाने हाका मारतात. तिथे तिवाचं नाव चढलं असतं तर मी कुणाची, हे साऱ्या रस्त्याला कळलं असतं.

"देश स्वतंत्र होतोय तिवा," अडुसेई म्हणाला, "आणि तुला तुझ्या नावाचं पडलंय. आधी ते होऊ दे."

स्वातंत्र्य आलं. देशाचं नाव घाना झालं आणि माझ्या कपाळावर लाल रंगात उमटलं, 'आता आपलं राज्य'. काय सांगू तुम्हाला त्या दिवसांचं. माझ्यात माणसं कोंबून भरलेली, गाणी म्हणत घसा बसलेली, आणि मी खड्ड्यांतून उड्या मारत चाललेली. पुढे शाळा झाल्या, डांबरी रस्ते झाले, मोठं धरण बांधायला घेतलं. माझ्या स्प्रिंगच्या पाट्यांना जरा आराम पडला. पण तिकडे परदेशात कोकोचा भाव कोसळला. अख्खा देश एका झाडाच्या शेंगांवर टांगलेला होता. हळूहळू दुकानातून साबण गेला, मग साखर गेली. अडुसेई म्हणायचा, येईल परत. तिवा माझ्या कपाळाकडे बघायची.

एका सकाळी आम्ही केळ्यांचे घड आणि घड विकणाऱ्या बायका भरून कुमासीला निघालो. वाटेत लष्कराच्या शिपायांनी अडवलं. एकाने मान वर करून माझं कपाळ वाचलं.

"काका, कुणाचं राज्य म्हणता?"

"आपलं," अडुसेई म्हणाला.

"आपलं म्हणजे कुणाचं? पहाटेपासून आमचं आहे. रेडिओ ऐकत नाही का तुम्ही?"

अडुसेईला छपरावर चढवलं आणि कोयत्याने सगळी अक्षरं खरवडायला लावली. मागून एक बाई ओरडली, "आटपा की हो, राज्य कुणाचंही असू दे, माझी केळी पिकायला लागली." शिपायालाही हसू आलं, पण बंदूक काही त्याने खाली केली नाही.

त्यानंतर अडुसेईने शिपायांच्या कौतुकाचं काहीतरी रंगवून घेतलं. शिपाई गेले, पुढारी आले, ते पुसलं. पुढारी गेले, दुसरे शिपाई आले, तेही पुसलं. शेवटी त्याने हात टेकले आणि कपाळ कोरं ठेवलं.

"आता जागा रिकामी आहे," तिवा म्हणाली.

"पुढच्या हंगामात लिहू."

किती हंगाम गेले! मला तर संताप यायचा. एक डबा रंग आणि एक दुपार, एवढ्यासाठी बाईला किती तिष्ठत ठेवायचं? वाईट नव्हता हो तो. पण बायकोचं नाव टाकलं तर बहीण काय म्हणेल, कुळ काय म्हणेल, या धाकात तो दिवस ढकलत राहिला.

मग तर दिवसच फिरले. सरकार कोकोला जो भाव द्यायचं त्यात पोती भरण्याचा खर्चही निघेना. आमचा कोको चोरवाटांनी पश्चिमेकडे, सीमेपलीकडे जाऊ लागला आणि तिकडून साबण येऊ लागला. मीही गेले. न जाऊन करते काय? टायर मिळेनात, पेट्रोलला रांग, बाजारात शिपाई बायकांचा माल उधळायचे आणि महागाईचं खापर त्यांच्यावर फोडायचे. मला त्या काळात कधी नीट झोप म्हणून लागली नाही.

आणि मग ते वर्ष आलं. पाऊस नाहीच. उत्तरेचा कोरडा वारा सुटला आणि रानाला आग लागली. तिवाने सावली धरून वाढवलेली कोकोची झाडं उभी जळाली. त्याच सुमाराला नायजेरियाने आमच्या लाखो माणसांना हाकलून दिलं. पोटासाठी तिकडे गेलेली ती माणसं बोचकी घेऊन सीमेवर येऊन पडली होती. अडुसेई आणि मी त्यांना आणायला गेलो. भाडं कोण देणार? पण गेलो. त्या धुळीत, उपाशीपोटी, त्याने जो खोकला धरला तो सुटला नाही.

शेत गेलं होतं. उरले होते मी. आजारी अडुसेईने कुळाच्या प्रमुखाला आणि भाचा बोआडूला बोलावलं आणि सगळ्यांसमोर सांगितलं, "ही लॉरी मी तिवाला दिली."

माझं इंजिन बंद होतं, तरी मला वाटलं, आता धावतच सुटावं.

पण आमच्याकडे नुसतं 'दिली' म्हणून भागत नाही. घेणाऱ्याने साक्षीदारांपुढे आभाराची बाटली ठेवायची, देणाऱ्याच्या माणसांनी ती प्यायची, तेव्हा दान पक्कं. नाही तर ते बोलणं हवेत. आणि त्या वर्षी उभ्या देशात रीतीला लागणारी श्नॅप्सची, म्हणजे विलायती दारूची, सीलबंद बाटली नव्हती. दुकानांच्या फळ्यांवर धूळ होती, दुसरं काही नाही. तिवा दिवसभर दारोदार फिरली आणि शेवटी मडक्यात ताडी घेऊन आली.

कुळप्रमुखाने मडक्यात डोकावून बघितलं. "तिवा, लॉरीचे आभार ताडीने मानतेस? त्याने कोंबडी दिली असती तर ही आम्ही प्यायलो असतो."

"देशात बाटली नाही, बाबा. मी कुठून आणू?"

"मग थांबू. घाई काय आहे?"

"होईल की," अडुसेई पडल्या पडल्या म्हणाला. "बोट लागली की बाटली येईल."

बोट लागली, पण अडुसेई गेल्यावर. चाळीसावा दिवस उलटला आणि बोआडू किल्ली मागायला आला. मान खाली घालून आला, हेही सांगते.

"मामी, मामा बोलले ते मीही ऐकलं. पण आभार झाले नाहीत. रीत मी बनवलेली नाही."

"आणि शेंगा? त्या तू फोडल्यास?" तिवाने विचारलं. मग पदराची गाठ सोडावी तशी कमरेच्या कापडातून किल्ली काढली आणि त्याच्या हातावर ठेवली. पुढच्याच वर्षी सरकारने कायदा केला, नवरा गेला तर बायकापोरांनाही वाटा. आमचा निकाल आधीच लागून गेला होता.

बोआडूने मला पुष्कळ चालवलं. सरकारने परदेशातून कर्ज घेतलं, कर्ज देणाऱ्यांच्या अटी घेतल्या, दुकानं पुन्हा भरली, फक्त आता किमती परवडेनात. मी गोऱ्यांच्या जुन्या कपड्यांचे गठ्ठे वाहिले. तिवा कुमासीच्या केजेतिया बाजाराच्या तोंडाशी तळलेली केळी विकायची. तिच्यासमोरून जाताना माझा ब्रेक नेहमी जरा किंचाळायचा. मग परदेशातून वापरलेल्या छोट्या बसगाड्या आल्या, लाकडी लॉरीत कुणी बसेना आणि बोआडूने मला इथे आणून विटांवर चढवलं.

आज दुपारी भंगारवाला आला होता. बोआडू त्याच्याशी बोलत होता, तेवढ्यात काठी टेकत तिवा आली. पार वाकलीय. तिने पिशवीतून चौकोनी हिरवी बाटली काढली आणि बोआडूपुढे ठेवली.

"हे काय, मामी?"

"आभार. तुझ्या मामाने गाडी दिली त्याचे. तेव्हा देशात बाटली नव्हती. आता आहे."

बोआडू हसला, मग हसायचा थांबला. "मामी, हिच्यात आता राहिलंय काय? फळ्या वाळवीने खाल्ल्यात."

"मी नवी मागत नाहीये. माझी मागतेय."

"मी हिच्यावर पोरं शिकवली."

"शिकवलीस. चांगलं केलंस. आता आभार घे."

मेकॅनिकांचे हातोडे थांबले होते. बाटली उघडली तर काय होईल, ते तिथे सगळ्यांना ठाऊक होतं. बोआडूने ती उचलली, खाली ठेवली, परत उचलली. त्याचेही केस पांढरे झालेत. शेवटी त्याने सील फोडलं, थोडी जमिनीवर सांडली, "मामा, घ्या," म्हणाला आणि स्वतः एक घोट घेतला. दोन मेकॅनिकांनीही घेतला. झालं.

मला वाटलं, आता ही मला घरी नेणार. तिवा वळली ती भंगारवाल्याकडे. "आता माझ्याशी बोल. काय देणार?"

हिच्यासाठी एवढी तळमळले आणि हीच मला मोडीत काढतेय? तिने माझ्या मडगार्डवर हात ठेवला. "तुला कुठे नेऊ गं? माझी खोली तुझ्याहून लहान आहे. पण विकायची तर मीच विकणार."

भाव ठरला आणि तिने कोपऱ्यावरच्या रंगाऱ्याला बोलावलं.

"आजी, उद्या तोडायची आहे ही," भंगारवाला म्हणाला. "रंग कशाला वाया घालवता?"

"तोड ना. पण कुणाची तोडतोयस ते वाचून तोड."

तर आता माझ्या कपाळावर पिवळ्या अक्षरात 'तिवाची' लिहिलंय. जन्मभर मला कुणी थांब म्हटलं की माझा जीव कासावीस व्हायचा. आज मीच म्हणतेय, सकाळी याल तेव्हा हातोडा जरा बाजूला ठेवा. हवा दमट आहे. रंग वाळेपर्यंत थांबा.