केळीच्या बुडाचा हंडा

आमच्या गल्लीत कुठलंही काम अडलं की लोक म्हणतात, रत्नाला सांगा, ती ओरडून करून घेईल. मला त्याचा राग येत नव्हता. उलट अभिमानच होता. माहेर जामनेरचं, बाजारात भाव करत मोठी झालेली मी. हळू बोललं तर ऐकू कुणाला जातं?

तर दवाखान्याचं काम निघालं तेव्हाही ते माझ्याच गळ्यात आलं. सरकारी दवाखान्यात दिवस भरायच्या आत जन्मलेली बाळं काचेच्या पेटीत ठेवतात. त्या पेट्या कमी पडतात. म्हणून जळगावातल्या काही मंडळींनी टूम काढली की एकेका भागानं एकेक शिल्प करायचं, ते महिनाभर चौकात मांडायचं आणि मग लिलाव करून पैसे दवाखान्याला द्यायचे. कुणी सायकलींचा मोर केला, कुणी ठिबकच्या नळ्यांचा हत्ती केला. आमच्या भागाला गिरधर सर मिळाले. ते शाळेत चित्रकला शिकवतात, बोलतात कमी आणि दाढी सारखी खाजवतात. ते म्हणाले, आपण केळ करू. आई केळ आणि बुडाशी तिचं पिल, म्हणजे मुळातून फुटणारं रोपटं. आणि ती करायची घराघरातल्या जुन्या भांड्यांची.

मला हे फार आवडलं. दुसऱ्याच दिवशी हातगाडी घेऊन मी दारोदार निघाले. पितळ द्या, तांबं द्या, स्टील चालेल, जर्मनची पातेली नकोत. पुनम वहिनींनी चेपलेला डबा पुढे केला तर मी म्हटलं, वहिनी, बाळांसाठी मागतेय, भंगारवाल्यासाठी नाही. बिचारीनं आत जाऊन चांगलं तबक आणलं. असं माझं चाललेलं.

दुसऱ्यांना एवढं बोलायचं तर आपलं घर आधी पुढे हवं. माळ्यावर एक भला मोठा पितळी हंडा होता. पोत्यात गुंडाळलेला, आत जुन्या गोधड्या कोंबलेल्या, बाहेरून काळाठिक्कर. मी तो खाली काढायला लागले तशा सासूबाई खाटेवरून उठून आल्या. हंडा नको म्हणाल्या. घंगाळ दे, समया दे, माझ्या लग्नातली परात दे, पण तो राहू दे. कारण विचारलं तर सांगेनात. मला वाटलं, म्हाताऱ्या माणसाचा जीव अडकतो वस्तूत. मी हसले आणि म्हटलं, आई, वर जाताना डोक्यावर घेऊन जाणार आहात का? त्या परत खाटेकडे वळल्या. हंडा गाडीवर चढला, आणि मी गल्लीभर सांगत सुटले की सगळ्यात मोठं भांडं आमच्या सासूबाईंचं, सुंदरबाई जीवराम चौधरींच्या घरचं.

त्याच दुपारी ताजबी चाची आली. आमच्या समोरच्या बोळात राहते. तिचा नवरा रमजान पिंजारी होता, गाद्या भरायचा. तो गेला, आता ती आणि मुलगा-सून. मागच्या वर्षी तिची नात मिसबाह त्याच काचेच्या पेटीत राहून जगली. ताजबीनं पदराखालून एक तांब्या काढला. लहानसा, पण लखलखीत घासलेला.

आता इथे एक जुनी गोष्ट सांगायला हवी. माझ्या नणंदेच्या लग्नात, म्हणजे मी या घरात यायच्या कितीतरी आधी, आमच्याकडे गल्लीतली मोठी भांडी मागून आणली होती. तेव्हा तशीच पद्धत होती. म्हणून तर भांड्यांवर नावं घालून घ्यायची, परत करताना घोळ नको. सगळ्यांची भांडी परत गेली. ताजबी म्हणाली, माझा हंडा आला नाही. सासूबाई म्हणाल्या, तुझ्या हातात दिला. मग ताजबीनं हंडा मोडीत विकला आणि आमच्यावर आळ घेतला, असं गल्लीत ठरलं. कोण पिंजाऱ्याच्या बायकोचं ऐकणार? मी लग्न होऊन आले तेव्हा ही गोष्ट मला सासरच्या ओळखीबरोबरच मिळाली. अमक्यांच्या घरी सत्यनारायण असतो, तमक्यांचा मुलगा पितो, आणि ताजबी खोटारडी. मी ती रंगवून सांगायचे. बायका हसायच्या.

तर ताजबीनं तांब्या दिला आणि मी चारचौघींत म्हटलं, "चाची, सगळ्यांसमोर देताय ना? नाहीतर उद्या म्हणाल, रत्नानं परतच केला नाही."

बायका हसल्या. ताजबीनं तांब्या गाडीवर ठेवला, नीट उभा राहतोय का पाहिलं आणि निघून गेली. मला माझ्याच बोलण्याची गंमत वाटली, खरं सांगते.

केळ उभी झाली आणि गिरधर सरांनी मला उद्घाटनाच्या आदल्या दिवशी सकाळी चौकात बोलावलं. काय सुंदर दिसत होती ती. तपेल्यांवर तपेली चढवून खोड, ताटं ठोकून पानं, छोट्या वाट्यांचं केळफूल. सगळी भांडी चिंचेनं घासून चकचकीत केलेली, मधून लोखंडी नळ आणि त्यात ती एकावर एक ओवलेली. सर म्हणाले, सगळ्या भांड्यांवरची नावं मुद्दाम बाहेरच्या बाजूला घेतली आहेत. लोक आपलं नाव शोधतील, दुसऱ्याचं वाचतील, हीच तर यातली कला. मग बुडाशी वाकून म्हणाले, हा हंडा फार कामाचा निघाला, सगळा भार त्याच्यावर आहे. ताजबी रमजान पिंजारी म्हणजे कोण हो?

मी वाकून पाहिलं. टिंबं ठोकून कोरलेली अक्षरं, ठसठशीत. हंडा आमच्या माळ्यावरचा.

मी सरांना म्हटलं, फिरवा तो, नाव मागे घ्या. ते म्हणाले, आता सगळी केळ उतरवावी लागेल. आणि का फिरवायचा? मी काहीतरी पुटपुटून घरी आले.

सासूबाई शेंगा निवडत बसल्या होत्या. मी दार लावून घेतलं आणि विचारलं. त्यांनी मान वर केली नाही. म्हणाल्या, लग्नानंतर दिवाळीच्या साफसफाईत सापडला. गोधड्यांच्या गठ्ठ्याखाली गेला होता. मुद्दाम नव्हता ठेवला. पण तोवर मी तिला गल्लीत नाही नाही ते बोलून चुकले होते. तुझे सासरे तर रमजानच्या अंगावर धावून गेले होते. मग तो हंडा घेऊन कोणत्या तोंडानं जाऊ?

मला वाटलं होतं मी खूप चिडेन. पण माझ्या डोक्यात पहिला विचार काय आला असेल? उद्या लोक वाचतील. ताजबीचं काय होईल हा नाही, माझं काय होईल हा. मी फुलबाजारात गेले आणि झेंडूच्या जाड माळा घेऊन आले.

भर उन्हात, चौकात कुणी नसताना, मी हंड्याला माळा गुंडाळत होते. शेवटचा वेढा राहिला होता. मागून आवाज आला, "रत्ना, थांब जरा."

ताजबी होती. हातात मिसबाहच्या औषधाची पिशवी. तिनं माळ बाजूला सारली, हंड्याच्या काठावरून हात फिरवला आणि मग त्या टिंबांवर बोट ठेवलं.

"हाऊ हंडा मना शे, माझाच आहे असं वाटतं. मला वाचता येत नाही. तू वाच बरं, काय लिहिलंय?"

रस्त्यावर एक रिक्षावाला झोपलेला, बाकी कुणी नाही. मी खाली वाकले, एकेक अक्षर बघितल्याचं नाटक केलं आणि म्हटलं, "सौ. सुंदरबाई जीवराम चौधरी."

"नीट बघ."

"तेच आहे, चाची."

तिनं बोट उचललं. मग म्हणाली, असेल. सगळे हंडे सारखेच दिसतात. आणि पिशवी सावरत गेली. मी उरलेली माळ गच्च आवळून बांधली.

संध्याकाळी ती आमच्या घरी आली. इतक्या वर्षांत पहिल्यांदा उंबरा ओलांडून. वाटीत खडीसाखर होती. सासूबाई खाटेवर, मी स्वयंपाकघराच्या दारात. ताजबी खाली बसली आणि तिनं सासूबाईंचे दोन्ही हात धरले. म्हणाली, सुंदर, मी इतकी वर्षं मनात तुला चोर म्हणत आले. आज हंडा बघितला, रत्नानं नाव वाचलं. तुझा हंडा तुझ्याच घरात होता, मी उगाच तुझ्यावर शक घेतला. माझाच कुठे गेला असेल, रमजाननं दिला असेल कुणाला. नमाजाला बसले की हेच टोचायचं. मला माफ कर.

सासूबाईंनी माझ्याकडे बघितलं. मी त्यांच्याकडे बघितलं. दोघींपैकी एकीनं तोंड उघडायला हवं होतं. सासूबाई म्हणाल्या, जाऊ दे गं, जुनं झालं. आणि मी? मी चहा टाकला. आलं किसून घातलं, चांगल्या कपात दिला. ताजबी बशीत ओतून प्यायली, चहा छान झालाय म्हणाली. मी जमिनीत गडप व्हायला हवं होतं. पण माणूस असा गडप होत नाही, तो कप विसळतो.

रात्री मी जेवले नाही. नवऱ्यानं, प्रेमराजनं, विचारलं काय झालं. मी म्हटलं, ऊन लागलं.

उद्घाटनाला चौक भरला. दवाखान्याचे डॉक्टर आले, व्यापारी आले. माईक माझ्या हातात, सूत्रसंचालन माझंच. पहिल्या रांगेत भांडी देणाऱ्या बायका, त्यात ताजबी, नवी ओढणी घेतलेली, मांडीवर मिसबाह. मी स्वागत केलं, नारळ फुटला, टाळ्या झाल्या. मग गिरधर सर उठले. त्यांना बोलायचं नव्हतं म्हणून मी निवांत होते. ते म्हणाले, मला भाषण येत नाही, मी फक्त नावं वाचतो, ज्यांच्या घरातून ही केळ उगवली त्यांची. आणि शेंड्यापासून वाचायला लागले. मी माईक त्यांच्या तोंडाशी धरला.

एकेक नाव आलं की एकेक बाई लाजत उभी राहायची आणि टाळी पडायची. मला खाली बसावंसं वाटत होतं. सर वाकत वाकत बुडाशी आले, माळा बघून वैतागले आणि त्यांनी त्या सरळ खाली ओढल्या.

"आणि ज्याच्यावर ही अख्खी केळ उभी आहे, तो हंडा. ताजबी रमजान पिंजारी."

टाळी पडली नाही. आमच्या गल्लीला ती गोष्ट पाठ होती. तो हंडा कुणाच्या घरून गाडीवर चढला तेही सगळ्यांनी पाहिलं होतं, मीच बोंबलून सांगितलं होतं. माना आधी हंड्याकडे वळल्या आणि मग माझ्याकडे.

ताजबी उठली. मिसबाहला पुनम वहिनींकडे दिलं आणि माझ्याजवळ आली. तिचा आवाज मोठा नव्हता, पण माझ्या हातातला माईक चालू होता.

"काल मी तुझ्या सासूची माफी मागितली, रत्ना. चहा तूच दिलास."

मी वाकून तिचे पाय धरायला गेले. तिनं पाय मागे घेतले. मला काहीतरी बोलायचं होतं, माईक तोंडाशी होता, जन्मभर ओरडून काम करून घेणारी मी, आणि घशातून आवाज निघेना. सरांनी हळूच माझ्या हातातून माईक काढून घेतला. ताजबी त्यांना म्हणाली, हंडा राहू द्या जागेवर, तो मी दवाखान्याला दिला. मग माझ्याकडे वळून म्हणाली, "तुझ्या सासूला माझ्या दारात आण. आजच."

मी भर गर्दीतून घरी निघाले. कुणी बाजूला सरकलं, कुणी मुद्दाम सरकलं नाही. घरी पोहोचले तर सासूबाई लुगडं बदलून, चपला घालून उंबऱ्यात बसलेल्या. भोंग्यावरून सगळं ऐकू आलं होतं. त्यांनी हात पुढे केला. मी धरला. बोळात आम्ही दोघी शिरलो तेव्हा कार्यक्रम संपवून माणसं परतत होती आणि सगळ्यांना आमच्याच अंगावरून जायचं होतं. ताजबीच्या दाराला कुलूप होतं. आम्ही तिच्या पायरीवर बसून राहिलो.

ती आली. मागे अर्धी गल्ली. तिनं कुलूप काढलं नाही, किल्ली हातातच ठेवली आणि आमच्यासमोर उभी राहिली. सासूबाई भिंतीला धरून उठल्या.

"ताजबी, हंडा माझ्याकडे होता. मला माहीत होतं." आवाज एवढासा.

"मोठ्यानं बोल," ताजबी म्हणाली. "तेव्हा मोठ्यानं बोलली होतीस."

सासूबाईंनी डोळे मिटले आणि पुन्हा म्हटलं, यावेळी बोळाच्या तोंडाशी उभ्या असलेल्यांनाही ऐकू गेलं. ताजबीनं त्यांच्याकडे पाहून एकदा मान हलवली.

मग माझी पाळी आली.