रिकामा आलेला डबा

माझा राग नाकाच्या शेंड्यावर असतो, हे वडशातल्या नाटकाच्या धंद्यात सगळ्यांना ठाऊक आहे. मी सुरेंद्र. एका झाडीपट्टी नाटक कंपनीचं ऑफिस सांभाळतो. ऑफिस म्हणजे रस्त्यावरचा एक गाळा, वर नटनट्यांच्या हसऱ्या चेहऱ्यांचा फ्लेक्स, आत एक टेबल आणि मी. दिवाळी झाली की गावोगावच्या मंडई, म्हणजे जत्रा, आणि शंकरपट, म्हणजे बैलांच्या शर्यती, सुरू होतात, आणि त्या दिवशी गावात नाटक लागतंच. गावकरी फोन करून तारीख मागतात. मी उचलला नाही तर ते शेजारच्या गाळ्यात लावतात. तिथेही माझ्यासारखाच एक जण फोनकडे डोळे लावून बसलेला असतो.

म्हणून त्या दिवसांत फोन वाजला की मी ताटावरून उठतो. गेल्या मोसमाच्या तोंडावर तो नुसता वाजतच होता. टुंग झालं की मी झडप घालायचो आणि समोर दिसायचं, 'ताराबाई यांनी तुम्हाला टोपलीभर टमाटे पाठवले आहेत.' परत टुंग. 'ताराबाई यांनी तुमच्या शेताला पाणी दिलं आहे.' परत टुंग, आणि आता एक वासरू.

ताराबाई माझी थोरली बहीण. आम्ही तिला नुसतं बाई म्हणतो. नदीपलीकडे कोसमटोल्याला तिला दिलं आहे. आमचे भाऊजी, मुखरू, गावच्या तलावात मासे धरतात. बाई रोवणीच्या, म्हणजे भातलावणीच्या दिवसांत लोकांच्या बांध्यांत राबते, एरवी मासे वाळवून विकते. ती होळीला आमच्याकडे आली तेव्हा माझ्या मुलीने, आचलने, तिच्या फोनवर फेसबुक काढून दिलं. मीच म्हटलं होतं, काढून दे, आमच्या नाटकांचे फोटो तरी पाहील. फोटो पाहिले की नाही देव जाणे, पण 'हिरवं शिवार' नावाच्या एका गेममध्ये ती जाऊन बसली. आपण शेजाऱ्याला बी-पाणी द्यायचं, त्याने आपल्याला द्यायचं, असला तो रिकामटेकडा खेळ.

उन्हाळा-पावसाळा मी चालवून घेतलं. नाटकवाल्याचा फोन त्या दिवसांत वाजला काय, न वाजला काय. मोसम आला तसा मी आचलला म्हटलं, तुझ्या आत्याचं हे बंद कर. ती म्हणाली, सेटिंगमध्ये दोन मिनिटांचं काम आहे, कॉलेजातून आल्यावर करते. ती दोन मिनिटं मी थांबलो असतो तर आज हे सांगायची पाळी आली नसती.

त्याच दुपारी एटापल्लीकडच्या एका मंडळाचा फोन आला. तिकडे रेंजसाठी लोक टेकडीवर चढतात. बोलणं ठरत आलं होतं, तेवढ्यात टुंग झालं आणि स्क्रीनवर टमाटे आले. ते बाजूला सारायला गेलो तो माझ्याच बोटाने फोन कटला. परत लावला, लागला नाही. संध्याकाळी कळलं, त्यांनी शेजारच्या गाळ्यात तारीख पक्की केली.

मी बाईच्या नावासकट टमाट्यांचा फोटो काढला आणि फेसबुकवर टाकला. वर लिहिलं, 'काही लोकांना खऱ्या शेतात काम करायची लाज वाटते, मोबाईलमध्ये मात्र दिवसभर टमाटे पिकवतात. ताराबाई, तुमचे टमाटे माझ्या दारात टाकू नका.'

लोक धो धो हसले. आमच्या कंपनीच्या विनोदी नटाने खाली लिहिलं, 'ताराबाई, एक किलो आमच्याकडेही धाडा.' मी त्यालाही हसरा चेहरा टाकला. दुसऱ्या दिवसापासून टुंग बंद झालं आणि मला वाटलं, बरं झालं, सुंठीवाचून खोकला गेला.

आमच्या आणि बाईच्या घरात एक तीन खणांचा स्टीलचा डबा आहे. तो कोणाचा हे आता कोणाच्याच लक्षात नाही. दुपारच्या बसच्या कंडक्टरकडे दिला की तो फाट्यावर उतरवून देतो. तिकडून सुके झिंगे, लाखोळीची डाळ, कधी जवस येतं. इकडून माझी बायको भाग्यश्री जे केलं असेल ते धाडते. आमच्या मायची शिकवण होती, दुसऱ्याचं भांडं रिकामं परत करू नये. घेतलं त्याहून चिमूटभर जास्तच द्यावं, आणि काहीच नसेल तर मूठभर तांदूळ टाकावे. एका वर्षी तलाव आटला, बाईच्या घरात हाल होते, तेव्हाही डब्यात तळाला तांदूळ होते. ते पाहून माय रडली होती.

दिवाळीचा फराळ घेऊन गेलेला डबा आठ दिवसांनी परत आला. भाग्यश्रीने हातात घेतला आणि तिथेच थबकली. तिने तिन्ही खण उघडले. घासून, पुसून, लख्ख. आत काही नव्हतं.

"बाईनं डबा रिकामा धाडला," ती म्हणाली. मग माझ्याकडे वळली. "तुम्ही काय केलं?"

मी म्हटलं, मी काय करणार. पण आचल तिथेच होती. तिने आईला माझी पोस्ट वाचून दाखवली, खालचं हसणंही दाखवलं. भाग्यश्रीने तो डबा माझ्या ताटासमोर ठेवला आणि आत गेली.

मला अजूनही माझं चुकलं असं वाटत नव्हतं. एवढी गंमत सहन होत नाही तर फेसबुक कशाला वापरायचं, असं मी मोठ्याने म्हणत होतो. घरातला आवाज फक्त माझाच होता. आचलने माझा फोन घेतला आणि म्हणाली, आता तरी ते सेटिंग करून टाकते, म्हणजे पुन्हा कोणाचं येणार नाही. ती बराच वेळ बोट फिरवत राहिली. मग म्हणाली, "बाबा, हे तुम्हीच पाठवून राह्यले."

मी म्हटलं, काय? तिने फोन माझ्यासमोर धरला. गेल्याच्या गेल्या पावसाळ्यात, हाताला काम नसताना, तो गेम मी चार दिवस खेळलो होतो. पन्नास बिया फुकट मिळतात म्हणून एक बटण दाबलं होतं, 'रोज सगळ्या मित्रांना भेट पाठवा.' मग कंटाळून सोडून दिला. गेमने मात्र मला सोडलं नव्हतं. तेव्हापासून रोज सकाळी सात वाजता तो माझ्या नावाने, माझ्या यादीतल्या प्रत्येकाला झेंडूची फुलं पाठवत होता. सोबत एक ओळ असायची, 'सुरेंद्र यांना आज तुमची आठवण आली.'

यादीत हजारावर लोक. नट, पेटीवाले, मंडपवाले, गावोगावचे सरपंच. त्यांनी सगळ्यांनी मला कधीच गपचूप बंद करून टाकलं होतं. फुलांना उत्तर देणारं माणूस एकच होतं. होळीपासून दिवाळीपर्यंत, रोज सकाळी, भावाची फुलं आली म्हणून ती भांडं रिकामं परत करत नव्हती. आणि चिमूटभर जास्त द्यायचं म्हणून एका फुलाला टमाटे, पाणी आणि वासरू धाडत होती.

"आत्या म्हणे, तुये बाबा रोज सकाळी मले फुलं धाडते," आचल म्हणाली. "मले वाटलं, तुम्ही खरंच धाडता."

मेल्याहून मेल्यासारखं झालं. मी पोस्ट काढून टाकली. पण ती तोवर किती फोनांवर जाऊन बसली होती, ते मलाच माहीत. प्रसिद्धी हा माझा धंदाच आहे.

रविवारी भाग्यश्रीने डबा चकल्या-अनारशांनी भरून माझ्या हातात दिला. या वेळी कंडक्टरकडे द्यायचा नाही, स्वतः जा, असं सांगितलं. बसमध्ये डबा मांडीवर घेऊन मी काय बोलायचं ते जुळवत होतो. फुलं मीच धाडत होतो म्हणावं, तर मग ती पोस्ट का टाकली याला उत्तर नाही. रोज प्रेमाने फुलं धाडायची आणि परत काही आलं की चारचौघांत जोडे मारायचे, असा माणूस कोण असतो? आणि फुलं मी धाडलीच नाहीत म्हणावं, तर आठ महिन्यांच्या तिच्या सगळ्या सकाळी मी आपल्या हाताने पुसून टाकायच्या. पूल आला, नदी गेली, फाटा आला, तरी माझं ठरलं नव्हतं.

बाई अंगणात झिंगे वाळत घालत होती. भाऊजी ओसरीवर बसले होते. मला पाहून ते उठले, तलावावर जाऊन येतो म्हणाले आणि माझ्याकडे न बघता निघून गेले. बाईने लोट्यात पाणी आणून दिलं. ते मी प्यायलो. ती परत झिंगे पसरायला लागली.

शेवटी तीच बोलली. माझी पोस्ट तलावावर कोणीतरी मोठ्याने वाचून दाखवली होती. सगळे हसले. भाऊजी जाळं तसंच टाकून घरी आले आणि दोन दिवस तलावावर गेले नाहीत.

"मी कामाले कव्हा लाजली, सुरेन?" ती म्हणाली. "रोवणं करून आली तरी हात धुवून पयले तुई फुलं पाहत होती. भावानं धाडलं, तं बहिणीनं नुसतं घेऊन बसाव का? मायाजवळ जे होतं ते धाडलं."

मी खाली पाहत होतो. तिच्या पायांच्या बोटांच्या बेचक्यांत अजून चिखल्यांचे व्रण होते. चिखलात उभं राहून पाय सडतात ते व्रण.

"एकच सांग," ती म्हणाली. "फुलं धाडत होता, मंग माया टमाट्याचा तुले एवढा राग काऊन आला?"

खोटं बोलायचं धाडस होईना आणि खरं बोलायची लाज वाटत होती. लाज थोडी कमी पडली, एवढंच.

"बाई, मी नाई धाडली," मी म्हटलं. "एकदाबी नाई. मोबाईलच आपल्या मनानं धाडत होता. मले मालूमच नव्हतं."

तिचा हात झिंग्यांवर थांबला.

"रोज?"

"रोज."

"आठवण आली म्हणून येत होतं, तेबी?"

"तेबी."

ती रडली असती तर मला बरं वाटलं असतं. तिने हात पदराला पुसले, आत गेली आणि फोन घेऊन आली. म्हणाली, हे आता बंद करून दे, मले नाई जमत. मी सेटिंग उघडलं. आचल म्हणाली होती तसं दोन मिनिटांचंच काम होतं. विनंत्या पाठवणाऱ्यांची यादी आली. माझ्या फोनवर मित्रांची यादी उघडली की बोट दुखेपर्यंत खाली सरकवावी लागते. बाईच्या यादीत एकच नाव होतं. फोनने विचारलं, 'सुरेंद्र यांच्याकडून येणाऱ्या विनंत्या थांबवायच्या का?' ती माझ्या शेजारी उभी राहून पाहत होती. मी 'हो' दाबलं.

तिने फोन कमरेला खोचला आणि डबा उघडला. एक चकली मोडून पाहिली.

"भाग्यश्रीनं भरला ना?"

मी मान हलवली. मी स्वतः म्हणून काय आणलं होतं, याचा विचार तोवर माझ्या मनात आलाच नव्हता. डबा भाग्यश्रीचा, फुलं मोबाईलची. आठ महिन्यांत बाईला माझ्या हातून गेलेलं असं एकच होतं, ती पोस्ट.

तिने फराळ परातीत काढला, डबा धुतला, माझ्याकडे पाठ करून आत काहीतरी टाकलं आणि झाकण लावून दिलं. मला फाट्यापर्यंत सोडायला आली नाही. अंगणातूनच म्हणाली, "आठवण आली तं फोन कर. नाई आली तं नको करू. पण खोटं नको धाडू."

बसमध्ये मी डबा उघडला. वरचे दोन खण रिकामे होते. तळाच्या खणात मूठभर तांदूळ होते. रीत तेवढी तिने पाळली होती. कोणाच्याही भांड्यात तिने तेवढं टाकलंच असतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी सातला मी तिला फोन लावला. पहिल्याच रिंगला तिने उचलला.

"काऊन रे, काय झालं?" तिचा आवाज घाबरलेला होता. "भाग्यश्री बरी आहे ना? पोरगी?"

मी म्हटलं, सगळे बरे आहेत, बाई, असाच केला. तिकडून भाऊजी विचारत होते, कोण गेलं म्हणून. इतक्या सकाळी माझा फोन आला म्हणजे कोणीतरी गेलंच असणार, हे ते धरूनच चालले होते. आणि का धरू नये? कामाशिवाय मी त्या घरी कधी फोन केलाच नव्हता.

"कोणी नाई गेलं," बाई त्यांना सांगत होती. "असाच केला म्हणते." आणि तिने ते ज्या आवाजात सांगितलं, त्यावरून मला कळलं की तिचा त्यावर विश्वास बसलेला नाही.