मेव्हिसबाईंचा परिचय

मेव्हिस थॉर्नली या नटीबद्दल जगात सगळ्यात जास्त माहिती आपल्यालाच आहे, असा सदानंदचा दावा होता. तो खोडून काढायला कुणी पुढे आलं नाही, कारण उरलेल्या जगाला ही बाई माहीतच नव्हती. साठच्या दशकात तिने नऊ ब्रिटिश सिनेमे केले. कुठे नर्स, कुठे टायपिस्ट, बहुतेक ठिकाणी प्रेत. तोंड उघडायच्या आत तिचा खून तरी व्हायचा, नाहीतर हिरो मधेच बोलायचा. बहारीनच्या मीना सलमान बंदरातल्या गोदामाचे हिशेब तपासून घरी आलं की सदानंद हे सिनेमे लावून हळहळत बसायचा. या वयात माणसं स्वतःच्या गुडघ्यांची काळजी करतात, हा गृहस्थ परक्या बाईच्या संवादांची करत होता.

तीच बाई, आता ऐंशी ओलांडलेली, बहारीनमध्ये लेकीकडे राहायला आलीय, ही बातमी बायकोने, हेमाने, योगाच्या वर्गातून आणली. ती लेक हेमाच्याच वर्गात होती. सदानंदला हर्षवायू व्हायचाच बाकी राहिला. त्याने मराठी मंडळाच्या मागे लागून सत्कार ठरवला. शाल-श्रीफळ द्यावं आणि जेवायला बसावं, असं मंडळींचं मत. पण सदानंदचा हट्ट, बाईंनी बोललंच पाहिजे. जन्मभर कुणी बोलू दिलं नाही, आपण देऊ. मेव्हिसबाईही फोन करकरून विचारत होत्या, खरंच बोलायचं ना?

शुक्रवारी दीपप्रज्वलन झालं, स्वागतगीत झालं, अध्यक्ष बोलले, माजी अध्यक्षही बोलले. मग पाहुण्यांचा परिचय करून द्यायला सदानंद उठला. ऑफिसात त्याचं इंग्रजी तिसऱ्या वाक्याला अडखळतं, पण त्या दिवशी त्याला वाचा फुटली. पहिल्या सिनेमाला लोक हसले, दुसऱ्याला टाळ्या पडल्या आणि गडी पेटला. पुढच्या रांगेतून हेमा हातवारे करत होती, त्याला ती दाद वाटली. नववा सिनेमा संपवून, "यांना कधी कुणी बोलूच दिलं नाही," असं सांगून तो वळला, तर हॉलचा वॉचमन जमालुद्दीन किल्ल्या घेऊन उभा. पुढे एका लग्नाचं बुकिंग होतं.

"खलास, साहब," तो म्हणाला.

घाईघाईत बाईंच्या खांद्यावर शाल पडली, हातात नारळ आला. मेव्हिसबाई माईकपर्यंत आल्या, हसल्या आणि परत गेल्या.

सदानंदला मेल्याहून मेल्यासारखं झालं. कसला परिचय, बाईंचा दहावा खून करून आलो, असं तो मनात स्वतःलाच ऐकवत होता. त्यांना घरी सोडताना गाडीत त्याने माफी मागायला घेतली, ती सलमाबाद मागे पडलं तरी संपेना. शेवटी हेमा म्हणाली, "अहो, आता तरी त्यांना बोलू द्या."

तेव्हा कुठे तो थांबला. मागच्या सीटवरून मेव्हिसबाई त्यांच्या इंग्रजीत हळूच म्हणाल्या, "पहिल्या सिनेमात माझं एक वाक्य होतं. शूटिंग झालं, मग कापलं."

हे सदानंदला ठाऊक नव्हतं. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच त्याने बाईंना काही विचारलं. "कोणतं?"

मेव्हिसबाईंनी शाल सारखी केली, पाठ ताठ केली आणि विशीतल्या पोरीच्या आवाजात म्हणाल्या, "चहा कुणाला हवाय?"

त्या सिनेमाचं साल सदानंदच्या अगदी ओठांवर आलं होतं. ते त्याने गिळलं. त्याच्या डोळ्यांत पाणी आलं होतं.

"मला," हेमा म्हणाली.

"मलाही," सदानंद म्हणाला, आणि गप्प बसला.