हरताळाच्या दिवशीचं भानोळं

बकुळाचा जावई मासा खात नव्हता.

जावई बामण-वाण्याचा असता तर गोष्ट वेगळी. पण जगदीश वरळीच्या कोळीवाड्यातला, बाप डोलकर, आजा डोलकर, घराच्या पायरीला भरतीचं पाणी लागायचं. लग्न ठरवताना त्याच्या आईनं पोराची नोकरी सांगितली, गिरणीत फिटर आहे हे सांगितलं, विडी ओढत नाही हेही सांगितलं. हे मात्र सांगितलं नाही.

ते कळलं लग्नानंतर लेक-जावई पहिल्यांदा माझगावला जेवायला आले तेव्हा. बकुळानं पापलेट तळलं होतं, कोलंबीचं कालवण केलं होतं, ओले बोंबील कुरकुरीत केले होते. जगदीश ताटाकडे बघत बसला आणि मग हळूच म्हणाला, "मामी, जरा डाळ असली तर..."

घरात डाळ नव्हती. शेजारून आणावी लागली. शेजारणीनं विचारलं, कुणी आजारी आहे का?

"आपल्याला फसवलंय," त्या रात्री बकुळा नवऱ्याला म्हणाली. "एक डोळा काणा असता तरी चाललं असतं."

सीताराम फाटकं जाळं तुणत होता. "खाऊ दे की पोराला काय खायचं ते."

"मंग जावई आला की मी काय रांधू? माती?"

कौसल्येनं, म्हणजे लेकीनं, दुसऱ्या खेपेला खरं काय ते आईला सांगितलं. जगदीश लहान असताना त्याच्या घशात भिंगीचा, त्या काटेरी माशाचा, काटा अडकला होता. केळी झाली, भाताचे गोळे झाले, पाठीत बुक्के झाले, शेवटी डॉक्टरनं चिमट्यानं काढला. तेव्हापासून मासा बघितला की त्याचा हात आपोआप गळ्याकडे जातो. मटण मात्र आवडीनं खातो. त्यातही खिमा असला तर विचारूच नका.

"खिमा," बकुळा म्हणाली. तिनं आयुष्यात खिमा केला नव्हता.

गिरगावात तिची जुनी गिऱ्हाईकं होती. त्यात पाठारे प्रभूंची एक बाई, शांताबाई विजयकर. बकुळा त्यांच्याकडे माशांची पाटी उतरवून बसली की दोघींच्या गप्पा माशांपासून सुरू होऊन कुठंही जात. त्या दिवशी बकुळानं विचारलं, "बाई, जावयाला खिम्याचं काय घालावं? असं घाला की वरळीपर्यंत नाव निघेल."

"भानोळं कर," शांताबाई लगेच म्हणाल्या. "आमच्याकडे सणावाराला असतंच. खिमा शिजवून कोरडा करायचा. मग त्यात कांदा, आलं-लसूण, मिरची-कोथिंबीर, नारळाचं दाट दूध, फेटलेली अंडी आणि मिळून येण्यापुरतं बेसन. मसाला आमचा मी देते. लंगडीत, म्हणजे पसरट पातेल्यात, भरपूर तेल सोडून सगळं थापायचं आणि वर-खाली निखारे. वर जास्त, खाली कमी. उलटं केलंस तर बूड जळेल आणि डोकं कच्चं राहील."

"आमच्याकडं डोकी कच्चीच हायत," बकुळा म्हणाली.

"आणि झाकण काढून सारखं बघायचं नाही!"

मसाल्याची पुडी पदरात बांधून बकुळा घरी आली. बेत रविवारचा ठरला. कौसल्येला निरोप गेला. आणि शुक्रवारी संयुक्त महाराष्ट्र समितीनं रविवारचा हरताळ जाहीर केला.

संयुक्त महाराष्ट्रासाठी बकुळाचा जीव कमी तुटत होता असं नाही. मोर्चात ती पाटी घेऊन चालली होती, घोषणाही तिच्या बाजारात ओरडायच्या आवाजात दिल्या होत्या. रविवारी बाजारात मासे घेऊन बसायचं नाही हे कोळणींनी मिळून ठरवलं, त्यात तिचाच आवाज सगळ्यांत मोठा होता. पण मटणाचं काय करायचं? तिनं विचार केला, हरताळ सुरू होईल तो सगळे उठल्यावर. पहाटेच जाऊन आणावं.

पहाटे ती बाजारात पोचली तर खाटकाच्या दुकानाची फळी अर्धी लागली होती आणि फळीसमोर छातीला समितीचा बिल्ला लावून तिचा जावई उभा होता.

जगदीश दचकला. "मामी, तुम्ही इथं?"

"तू इथं काय करतोस? तुझी ड्यूटी परळला ना?"

"इकडं माणसं कमी पडली म्हणून पाठवलं." त्यानं आवाज खाली आणला, कारण बाजूलाच त्याचा पुढारी गणपत उभा होता. गणपत समितीचा कडक माणूस. हसताना त्याला कुणी पाहिलं नव्हतं. "मामी, आज दुकान बंद."

"अरे, जरासं मटण. लगेच जाते."

"आज नाही मिळणार."

"तुझ्यासाठीच घेते ना रे मेल्या!" बकुळाचा आवाज कधीच खाली येत नसे. "संध्याकाळी माझ्या घरी जेवायला कोण येणार हाय? राज्यपाल?"

सगळे बिल्लेवाले हसले. फळीमागून खाटीकही हसला. जगदीशचे कान लाल झाले. गणपत तेवढा हसला नाही. तो म्हणाला, "बाई, आपल्याच घरातून हरताळ मोडला तर लोकांना काय सांगायचं?"

परवा कोळणींपुढे बकुळा स्वतः हेच बोलली होती. "आज साधं वरण करा मामी, मी आनंदानं खाईन," जगदीश म्हणाला. त्या बोलण्यानं तर तिचं डोकंच फिरलं. जावयाला पुन्हा डाळ! तीही पुन्हा शेजारून!

ती फणफणत घरी आली. दारात सीतारामनं पहाटेची मासळी ओतली होती. बाजार बंद, म्हणजे सगळी घरातच. ढोमी, मांदेली, थोडी कोलंबी, आणि वर दोन चांगल्या हातभर मुशी, गुळगुळीत पोटाच्या.

बकुळा मुशींकडे बघत राहिली. मुशीला काटा नसतो. मधला एक मऊ कणा, तो काढला की नुसतं मांस. उकडून कुस्करलं की तंतू तंतू सुटतं. थेट खिम्यासारखं.

"बघतेस काय अशी?" सीतारामनं विचारलं.

"तुम्ही आज तोंड उघडायचं नाय," ती म्हणाली. "जेवायला सोडून."

मग ती कामाला लागली. मुशीचे तुकडे हळद-मीठ घालून उकडले, खरखरीत कातडी हातानं सोलून काढली, कणे फेकले. मांस फडक्यात घालून असं पिळलं की सीताराम म्हणाला, अगं, मेलीय ती कधीच. मांस बोटांनी कुस्करताना तिनं प्रत्येक चिमटीतून अंगठा फिरवला, कुठं काही टोचतंय का बघायला. वास राहू नये म्हणून लसूण शांताबाईंनी सांगितला त्याच्या दुप्पट घातला आणि लिंबू पिळलं. कांदा तेलात लालबुंद केला, त्यात मांस आणि प्रभूंचा मसाला टाकून पाणी आटेपर्यंत परतलं. सगळा कोळीवाडा हुंगायला लागला. शेजारीण डोकावली, "मटण कुठनं ग मिळालं?" बकुळानं दार लोटून घेतलं.

नारळाचं दूध, अंडी, बेसन, मूठभर कोथिंबीर. लंगडीत तेल सोडून सगळं थापलं, झाकणावर रसरशीत निखारे ठेवले. झाकण काढून बघायचं नाही हे तिला पाठ होतं. तरी तिनं बघितलं. पुन्हा बघितलं. एकदा निखारा आत पडता पडता राहिला. शेवटी सीतारामनं तिला दारात नेऊन बसवलं आणि स्वतः चुलीपाशी पहारा दिला.

उतरवलं तेव्हा वर तांबूस साय धरल्यासारखा पापुद्रा आला होता, कडा लंगडीपासून सुटल्या होत्या. बकुळानं कोपरा मोडून तोंडात टाकला आणि डोळे मिटले. खिमाच तो. जेवण झालं की जावयाला खरं सांगायचं, असं तिनं ठरवलं होतं. निदान नवऱ्याला तरी तिनं तसं सांगितलं.

संध्याकाळी कौसल्या आणि जगदीश आले. मागोमाग गणपतही आला. दिवसभर उपाशी होता म्हणून जगदीशनं त्याला ओढून आणलं होतं. कौसल्येनं दारातच नाक वर केलं आणि आईकडे बघितलं. आईनं डोळे वटारले. कौसल्या पाणी आणायला आत गेली ती तोंडाला पदर लावून, हसू दाबतच.

बकुळानं भानोळ्याच्या वड्या कापून वाढल्या. जगदीशनं पहिला घास घेतला, थांबला. सीतारामचाही हात थांबला.

"मामी," जगदीश म्हणाला, "असा मऊ खिमा मी जन्मात खाल्ला नाही."

त्यानं दुसरी वडी घेतली, तिसरी घेतली. भाकरी बाजूलाच राहिली. गणपतही मान खाली घालून खात होता. पण चौथ्या वडीला त्याचा हात मध्येच थांबला. दिवसभर दुकानं बंद करत फिरलेलं ते डोकं भूक शमल्यावर पुन्हा चालायला लागलं.

"बाई," तो म्हणाला, "हे मटण आणलं कुठून?"

जगदीशनं ताटाकडे बघितलं, मग सासूकडे. "मामी, फळी तर मी स्वतः लावली होती."

"मागच्या दारानं घेतलं असणार," गणपतनं ताट सरकवलं. "जगदीश, तुझ्या सासरीच हरताळ फुटला. उद्या समितीच्या शाखेत मी काय तोंड दाखवू?"

"हरताळ फुटला?" बकुळा उभी राहिली. बकुळाला कुणी कंजूष म्हणालं असतं, भांडखोर म्हणालं असतं, तर ती हसली असती. "मी बाजारात पाटी नेली नाय! घरात मासळी पडून हाय, सडेल उद्या, तरी नेली नाय! आणि मला म्हणता हरताळ मोडला?"

"मग हे काय आहे?"

"मुशी हाय, मुशी!"

जगदीशचा हात गळ्याकडे गेला. चेहरा पांढरा पडला. त्यानं आवंढा गिळला, थांबला, आणखी एक गिळला. सगळे त्याच्या गळ्याकडे बघत होते, जणू आत दिवा लागणार होता.

"काटा..." तो पुटपुटला.

"मुशीला काटा नसतो रे बाबा," बकुळाचा आवाज पहिल्यांदाच खाली आला. "तरी मी सगळं बोटानं चाचपून बघितलंय. चिमटी चिमटी. तुला लागेल असं काय मी वाढीन का? जेवलास की सांगणार होते. चुकलं माझं."

कौसल्येनं हळूच जगदीशच्या पाठीवर हात ठेवला. मग त्यानं ताटातली उरलेली वडी उचलली, दोन्ही बाजूंनी नीट बघितली, कोपरा मोडला आणि डोळे घट्ट मिटून खाल्ला. चावला. गिळला. डोळे उघडले.

"पण खिमाच लागतो हो," तो जरा रागानंच म्हणाला.

तेव्हा गणपत हसला. आधी नाकातून, मग पोट धरून, इतका की सीतारामनं त्याला पाणी दिलं. "म्हणजे हरताळ शाबूत," तो डोळे पुसत म्हणाला आणि सरकवलेलं ताट पुन्हा ओढून घेतलं.

जगदीश काही त्या दिवसापासून मासेखाऊ झाला नाही. पापलेट पुढं आलं की तो अजूनही दचकायचा. पण ही गोष्ट गणपतमुळे वरळीपर्यंत पोचायला वेळ लागला नाही. तिसऱ्या दिवशी दुपारी बकुळाच्या दारात तिची विहीण उभी राहिली. लग्नानंतर पहिल्यांदाच आली होती, चेहरा आंबलेला.

"माझ्या पोराला मासा खायला घातलात म्हणे."

बकुळा कमरेवर हात ठेवून तयारच होती. "घातला. आणि तुम्ही लग्नाआधी सांगितलं असतंत तर..."

"मी किती वर्षं मागं लागले त्याच्या," विहीण मध्येच म्हणाली आणि तिथंच उंबऱ्यावर बसली. "देवाला नवस बोलले. लाजेनं कुणाला सांगितलं नाय." तिनं पदरानं तोंड पुसलं. "कसं केलंत ते सांगाल का?"

बकुळा आत गेली, विळी आणि कांद्यांची टोपली घेऊन आली आणि विहिणीच्या पुढ्यात ठेवली.

"बारीक चिरा," ती म्हणाली. "मी निखारे करते."