मावशींचं पाणी मी गिळलं

मित्रांनो, मी एक जुना हातपंप आहे. कुरकुऱ्या म्हणून गल्लीभर बदनाम. पण माझ्या कुरकुरीनेच गल्लीला जाग यायची, हेही खरं!

माझं अंग बिडाचं, घशात चामड्याचा वॉशर. तो सुकला की वरून तांब्याभर पाणी पाजल्याशिवाय मी खालचं पाणी ओढत नसे. म्हणून गल्लीत रिवाजच पडला होता. पाणी भरून निघणाऱ्याने पुढच्यासाठी तांब्या भरून ठेवायचा. भांडणं झाली, अबोले झाले, पण तांब्या कुणी रिकामा ठेवला नाही. धुणंवाल्या मावशी तर गठ्ठेच्या गठ्ठे माझ्याच पाण्यावर धुवायच्या. "आमचं पोट याच्या दांड्यावर आहे हो," असं म्हणून मला थोपटायच्या. तेव्हा मला केवढा अभिमान वाटायचा!

मग गल्लीच्या भिंतीपलीकडे एका कंपनीची बिनखिडक्यांची भलीमोठी इमारत आली. जगभरचे फोटो नि निरोप तिथल्या यंत्रांत साठतात म्हणे. ती यंत्रं सारखी तापतात. त्यांना गार ठेवायला कंपनीने खोल खोल बोअर मारल्या. मावशींच्या सुनेला तिथे झाडलोटीचं काम लागलं. गल्ली हरखली, मीही हरखलो.

पुढच्याच उन्हाळ्यात दांडा मारला की नुसती हवा येऊ लागली. पाणी माझ्या नळीच्या खाली गेलं होतं. गल्लीला वाटलं, वॉशरच गेला! फिटरकाकांनी तो बदलला. मावशी टँकरच्या रांगेत उभं राहून आणलेलं पाणी रोज मला पाजायच्या. "पी रे बाबा, आज तरी ऐक!" मी गिळत राहिलो. ओरडून सांगावंसं वाटायचं, मावशी, नका हो, ते तुम्ही प्या! पण पंपाला कुठली वाचा?

एके सकाळी सुनेने त्यांचा हात धरला. "आई, पुरे आता. पंप बिघडलेला नाही. खाली पाणीच उरलं नाही. सगळं आमच्या तिथली यंत्रं पितात."

मावशींनी हातातला तांब्या खाली ठेवला. "अगं, मग मी धुणं कशावर धुऊ?"

सुनेने आपला डबा उचलला. तिला कामावर जायचं होतं. त्याच आठवड्यात मावशी बोचकं बांधून लेकीकडे राहायला गेल्या.

आता कंपनीने मला निळा रंग दिलाय. भोवती साखळी, वर पाटी: 'जुन्या काळाची आठवण'. मित्रांनो, जुन्या वस्तू जपा, असं आम्ही म्हातारी मंडळी नेहमी सांगतो. मी नाही सांगणार. मला खुशाल भंगारात घाला. पण मावशींना परत येता येईल, एवढं पाणी जमिनीत राहू द्या.