ट्यूबखालचा काळा

आमच्या ताईचं रफूचं काम एका खिडकीवर चालतं. कोटाला उंदराने पाडलेलं भोक ती असं बुजवते की त्या उंदरालाही परत सापडू नये. पण त्याला दिवसाचाच उजेड लागतो. आणि शेजारच्या रंगाच्या दुकानदाराने नेमकी त्याच खिडकीला चिकटून भिंत घालायची ठरवली. विटा येऊन पडल्या, तसे आम्ही कोर्टात गेलो.

वकीलबाईंनी अर्ज दिला, भिंत चढायच्या आत कोर्टाच्या माणसाने येऊन उजेड बघून जावं. जजसाहेब म्हणाले, "आत्ता गरज नाही. साक्षीपुराव्याच्या वेळी बघू." अर्ज नामंजूर.

बाहेर येताच मी बाह्या सरसावल्या. "बाई, लगेच अपील ठोका!"

"दादा, हा केस कशी चालवायची याचा हुकूम आहे, निकाल नाही. असल्या प्रत्येक हुकमावर वर धावलो तर मूळ केस कधी संपायची? शेवटचा निकाल विरुद्ध गेला, तर त्याच्या अपिलात हीपण तक्रार मांडू."

"तोवर खिडकीत विटा! मग ताई काय हुंगून रफू करणार?"

"तू गप रे," ताई म्हणाली. "बाई, दुसरी काही वाट?"

"आहे ना. निकाल नाही, म्हणूनच हेच साहेब तो बदलू शकतात. पण नवीन कारण हवं."

नवीन कारण! असल्या कामाला माझं डोकं घोड्यासारखं पळतं. मी सरळ रंगवाल्याच्या दुकानात गेलो. "काका, भांडण भांडणाच्या जागी, पण रंगाची पारख करावी तुम्हीच!" काका असे फुगले की काउंटर मागे सरकला.

पुढच्या तारखेला आमचा नवा अर्ज निघाला: रफूला दिवसाचाच उजेड का लागतो, ते इथेच दाखवतो. कोर्टाच्या खिडक्या कपाटांनी झाकलेल्या, वर ट्यूब. काका न विचारता उठले. "साहेब, खिडकी कशाला हवी? ताईंनी ट्यूब लावावी की! माझं आयुष्य रंगात गेलं. ट्यूबखाली मला सगळं दिसतं."

वकीलबाईंनी साहेबांची परवानगी घेऊन ताईच्या दोऱ्याची दोन रिळं पुढे केली. "यातलं काळं कुठलं?"

काकांनी छातीठोकपणे एक उचललं. साहेबांनी ते डोळ्यांजवळ नेलं, लांब धरलं, आणि स्वतःच उठून व्हरांड्यात गेले. मागे आमची वरात. उन्हात ते रीळ चक्क निळं निघालं. साहेब मिशीतल्या मिशीत हसले.

आधीचा हुकूम बदलला. उद्याच कोर्टाचा माणूस खिडकी बघणार. तोवर वीट लावणार नाही, असं काकांच्या वकिलाने पडेल चेहऱ्याने लिहून दिलं.

"मी अपील करतो!" काका बाहेर गरजले.

"आत्ता नाही होत," त्यांचाच वकील म्हणाला. मी काकांना चहा पाजला. बशीत ओतून प्यायले बिचारे.

दुसऱ्या दिवशी कोर्टाचा माणूस आला. ट्यूब लावली, विझवली, खिडकीला टेकून टिपणं काढू लागला. ताई सुईवरून नजर न काढता म्हणाली, "साहेब, जरा सरका. उजेड अडतोय."

तो सरकला, आणि तेही त्याने लिहून घेतलं.