समोरच्याचा कागद

सकाळची माळ अपोलोनिया एस्पेरांतोत जपत असे. पोलिश ही दुकानातली आणि भांडणातली भाषा, लॅटिन पाद्रीबाबांची. देवाशी बोलायला तिला कुणाच्याच आईची नसलेली ही भाषा बरी वाटे. ब्यालिस्तोकमध्ये याचं कुणाला नवल नव्हतं. ती घडवणारा डोळ्यांचा डॉक्टर याच गावात जन्मला होता, आणि कॉलरवर हिरवी चांदणी लावलेलं माणूस दिसलं की ओळख नसतानाही त्याच्याशी बोलायला सुरुवात करायची, ही रीत इथे आता जुनी झाली होती.

आज मात्र माळ सारखी चुकत होती. संध्याकाळी राइनहोल्ट येणार होता.

बटणांचं दुकान उघडून ती बसते न बसते तोच फेलिच्या आली. एस्पेरांतो मंडळातली तिची जुनी मैत्रीण. जीभ तिखट, मन मऊ.

"आज निळा झगा? लग्नाला चाललीयस की सामन्याला?"

"शनिवार आहे. निळा मेरीमातेचा."

"हो, मेरीमातेला स्वित्झर्लंडहून गाडी येणारे ना." फेलिच्याने डब्यातली बटणं उगीच चाळवली. "पोला, खरं सांग. वीस वर्षं तू मंडळाच्या कुठल्या वादात पडली नाहीस. आणि आपली भाषा दुरुस्त करून बसलेल्या त्या इदोवाल्यांचं आव्हान आलं तेव्हा सगळ्यांच्या आधी हात तुझा वर. का गं?"

"कुणीतरी करायला हवं होतं."

खरं कारण सामन्याच्या नियमात होतं. दोन्ही बाजूंना एकच उतारा द्यायचा, ज्याने त्याने तो आपल्या भाषेत उतरवायचा. मग कागद बदलायचे. आपल्या भाषेला कुणी आवाजाने गोडवा लावू नये म्हणून एकाचा कागद दुसऱ्याने मोठ्याने वाचायचा. पलीकडच्या खोलीत बसलेल्याने नुसतं ऐकून तो परत पोलिशमध्ये लिहायचा. मुळाच्या जास्त जवळ जी जाईल, ती भाषा सरस. म्हणजे अपोलोनियाचा कागद इदोवाल्यांकडून येणारा राइनहोल्ट वाचणार. जुन्या भाषेत, त्याच्या आवाजात. तेवढं एकदा कानावर पडावं, एवढंच तिला हवं होतं. जिंकण्याहरण्याचं तिला काही नव्हतं.

राइनहोल्ट जर्मन विणकराचा मुलगा. झारच्या अमलातले ते दिवस. तिच्या वडिलांच्या उंबऱ्याला जर्मन शब्द चालत नसे आणि त्याच्या घरी पोलिश फक्त मोलकरणीशी बोलत. दोघांना मंडळातली भाषाच तेवढी मोकळी होती. नदीकाठच्या रंगवलेल्या कापडांच्या वासात त्यांनी सगळं बोलून घेतलं ते तिच्यातच. लग्नाचंही. मग शहाण्या लोकांनी ती भाषा दुरुस्त करायला घेतली. काही अक्षरांवर टोपीसारख्या खुणा असत, त्या टोप्या काढल्या, आडवळणं सरळ केली आणि नाव ठेवलं इदो. राइनहोल्टला ते पटलं. "कुठल्याही छापखान्यात छापता येईल, पोला. जग आपल्या टोप्यांसाठी थांबणार नाही," तो म्हणाला होता. ती म्हणाली होती, "मी ज्या भाषेत हो म्हटलं ती मोडून तू मला दुसरी देतोयस." दोघंही तरुण होती, दोघंही आपापल्या जागी खरी होती. तो स्वित्झर्लंडमधल्या बाझेलला इदोच्या मासिकात कामाला गेला, तिथेच त्याने लग्न केलं. बायको वारल्याचं तिला कुणाकडून तरी कळलं होतं.

संध्याकाळी सभागृह भरलं. राइनहोल्टचे केस विरळ झाले होते, कॉलरवर इदोवाल्यांची सहा टोकांची चांदणी होती. त्याने वाकून पोलिशमध्ये नमस्कार केला, परक्या बाईला करतात तसा.

पंच होते औषधवाले व्रूब्लेव्स्की. त्यांनी घरगुती पंचांगाचं एक पान उघडलं आणि चष्मा सावरला. "उतारा आहे: लोकरीचं पांघरूण आटू न देता कसं धुवावं."

विणकरांचं गाव, सभागृह खो खो हसलं. मागून कुणीतरी म्हणालं, "हे आमच्या आईला विचारा, भाषा कशाला पाहिजे?"

अपोलोनिया मन लावून लिहीत बसली. पाणी कोमट असावं. पिळू नये, दोन्ही हातांनी हलकेच दाबावं. उन्हात नको, सावलीत पसरावं. शब्द निवडताना ती ते त्याच्या ओठांवर ठेवून बघत होती.

चिठ्ठी तिच्या नावाची निघाली, म्हणून आधी तिने राइनहोल्टने लिहिलेलं वाचलं. इदो तिने कधी तोंडात घेतली नव्हती. आपल्याच घरात शिरावं आणि खुर्च्या दुसरीकडे मांडलेल्या असाव्यात, तसं तिला झालं; पण घर ओळखीचं होतं, आणि तिने ते नीट वाचलं.

मग राइनहोल्ट उभा राहिला. तिचा कागद त्याने दोन्ही हातांत धरला. अपोलोनियाने डोळे मिटले.

आवाज तोच होता. शब्द नव्हते.

त्याचे डोळे एस्पेरांतो वाचत होते आणि तोंडातून इदो बाहेर पडत होती, सरळ, सफाईने, जराही न अडखळता. त्याला पत्ताच नव्हता. एस्पेरांतोवाले आधी एकमेकांकडे बघत राहिले, मग हशा पिकला.

"अहो, थांबा," व्रूब्लेव्स्की म्हणाले, "कागदावर आहे तेच वाचा."

"तेच वाचतोय."

"नाही हो. तुम्ही वाचता वाचता दुरुस्त करताय."

तो लाल झाला. त्याने पुन्हा सुरुवात केली. पहिलं वाक्य तो ओढूनताणून रुळावर ठेवू शकला, दुसऱ्यात पुन्हा घसरला. कुणीतरी शिट्टी वाजवली. तेव्हा अपोलोनिया उठली, त्याच्या शेजारी जाऊन उभी राहिली आणि हळू आवाजात एकेक शब्द सांगू लागली. तो तिच्या मागून म्हणत गेला, शाळेतल्या पोरासारखा. पाणी कोमट. हलकेच दाबावं. सावलीत.  हवं होतं ते तिला मिळत होतं, तरी प्रत्येक शब्द आधी तिचाच होता.

पंचांनी हा कागद बाद केला. बाहेर दोन्ही पक्ष निकालावरून हुज्जत घालत बसले.

तो फाटकाशी तिची वाट बघत होता. आता इदोत बोलला.

"वॉर्सापासून इथपर्यंत मी एस्पेरांतो घोकत आलो. नियम मला ठाऊक होता. गाडीच्या डब्यात नीट येत होतं."

"मुद्दाम घोकलंत?" तिने तिच्या भाषेत विचारलं.

"तुम्ही ऐकणार होतात."

ती फाटकातून बाहेर आली. मग म्हणाली, "आता म्हणा. इथे पंच नाहीत."

 त्याने टोपी काढून हातात घेतली. ओठ हलले, काही जमवू पाहत होते. शेवटी त्याने नकारार्थी मान हलवली.

"तुम्ही आता कुणाशी बोलता हिच्यात?" त्याने विचारलं.

"गाडीतून जो चांदणीवाला उतरेल त्याच्याशी. आणि देवाशी."

"त्याला कळतं?"

"अजून तक्रार आली नाही."

तो हसला. मग स्टेशनच्या वाटेने चालता चालता बाझेलमधल्या खोलीबद्दल सांगू लागला, तिथल्या एका खिडकीतून दिसणाऱ्या नदीबद्दल, स्वयंपाक येत नाही त्याबद्दल. सगळं इदोत. तिला शब्द न् शब्द कळत होता. तिने त्याला मध्ये अडवलं नाही, आणि पुन्हा एकदा म्हणा असं सांगितलंही नाही.